रक्त न पिणारं 'व्हॅम्पायर' : आपल्या माळ्यावरच्या वटवाघळाच्या नावाचा इतिहास

(या भागाचा लिखित मजकूर. बोलताना झालेली अडखळ काढली आहे, बाकी जसं बोललो तसंच ठेवलंय.)

गेले काही भाग आपण किल्ले, घाटवाटा आणि धरणं यांच्याबद्दल बोलत होतो. पानशेतच्या फुटलेल्या धरणावरचा, म्हणजे १२ जुलै १९६१ वरचा भाग तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी ऐकला आणि भरभरून कळवलंत, त्याबद्दल आभार. आजचा विषय त्या मानाने अगदीच हलका वाटेल. आज एका वटवाघळाच्या नावाचा इतिहास सांगणार आहे. पण शेवटपर्यंत ऐका, कारण या नावापायी आजही जीव जातात, आणि मे महिन्यात जरा जास्तच जातात.

आधी थोडं माझ्याकडून. नवीन श्रोत्यांसाठी सांगतो, मी इतिहासाचा विद्यार्थी नाही. बी.टेक. केलं, पुण्यात सॉफ्टवेअरमध्ये नोकरी करतो आणि शनिवार-रविवार पानशेतच्या बाजूला आमच्या गावी असतो. हा भाग तिथूनच रेकॉर्ड करतोय, त्यामुळे मागे बेडूक आणि रातकिडे ऐकू येतील. ते मुद्दाम काढले नाहीत. आजच्या विषयाशी त्यांचा संबंध आहे, तो पुढे येईलच.

तर, ज्या वटवाघळाबद्दल बोलतोय त्याला इंग्रजीत 'इंडियन फॉल्स व्हॅम्पायर' म्हणतात. शास्त्रीय नाव मेगाडर्मा लायरा, आणि आता नव्या वर्गीकरणात लायरोडर्मा लायरा. आमच्याकडे याला असं खास नाव नाही. मोठं असेल ते वटवाघूळ आणि लहान असेल ती पाकोळी, संपला विषय. पण एकदा नीट बघितलं की हे ओळखायला सोपं आहे. वजन साधारण ४० ते ६० ग्रॅम. रंग राखाडी. कान भलेमोठे, आणि दोन्ही कान कपाळावर एकमेकांना जोडलेले. नाकावर कातडीचं एक उभं पान. शेपूट दिसतच नाही. वरच्या जबड्यात पुढचे दात नाहीत.

हे ज्या कुळातलं आहे ते मेगाडर्माटिडी कूळ अगदी छोटं आहे. जगात वटवाघळांच्या १,४०० हून जास्त जाती आहेत, आणि या कुळात फक्त सहा. दोन आफ्रिकेत, एक ऑस्ट्रेलियात, तीन आशियात. आफ्रिकेतलं पिवळ्या पंखांचं लाव्हिया फक्त किडे खातं. ऑस्ट्रेलियातलं 'घोस्ट बॅट' यातलं सगळ्यात मोठं, ते किड्यांबरोबर उंदीर आणि पक्षीही पकडतं. थायलंडमधल्या एका जातीला तर नाव मिळालं तेच २०१५ मध्ये. भारतात दोन जाती आहेत. एक आपलं लायरा, जे जवळजवळ देशभर सापडतं, आणि दुसरं स्पाझ्मा, जे सह्याद्रीसारख्या भरपूर पावसाच्या मुलखात राहतं. लायराचं जेवण म्हणजे नाकतोडे, भुंगेरे, पतंग, रातकिडे, आणि जोडीला बेडूक, पाली, उंदराची पिल्लं, कधी एखादा छोटा पक्षी किंवा लहान वटवाघूळ.

या यादीत रक्त नाही. मग नावात व्हॅम्पायर कुठून आला? इथून आपला इतिहास सुरू होतो.

व्हॅम्पायर हा शब्द युरोपभर पसरला तो १७३० च्या दशकात. सर्बियाच्या काही खेड्यांत मेलेली माणसं थडग्यातून उठून जिवंतांचं रक्त पितात अशी घबराट पसरली होती. तो भाग तेव्हा ऑस्ट्रियाच्या ताब्यात होता. ऑस्ट्रियाच्या लष्करी डॉक्टरांनी थडगी उकरून चौकशी केली आणि १७३२ मध्ये अहवाल दिला. तो वर्तमानपत्रांत गाजला. म्हणजे बघा, मूळ व्हॅम्पायर हा माणूस आहे, त्याच्यात वटवाघूळ कुठेच नाही.

पण त्याच्या कितीतरी आधीपासून अमेरिका खंडातून स्पॅनिश लोकांच्या हकिकती युरोपात येत होत्या, की तिकडे रात्री झोपेत रक्त पिणारी वटवाघळं आहेत. या दोन गोष्टी एकमेकांना चिकटल्या. १७५८ मध्ये कार्ल लिनियसने प्राण्यांना दोन शब्दांची नावं देणारी आपली प्रसिद्ध आवृत्ती काढली. त्याने वटवाघळं माणसाच्या आणि माकडांच्या गटात टाकली होती, हे एक. आणि त्यातल्या एका मोठ्या वटवाघळाला 'व्हॅम्पायरस' असं नाव दिलं. ते कोण? आग्नेय आशियातलं फळं खाणारं उडतं कोल्हं! आपल्या वडा-पिंपळावर लटकणाऱ्या मोठ्या वटवाघळांचं जवळचं भावंड. ते नाव आजही तसंच आहे.

पुढे दक्षिण अमेरिकेतल्या काही वटवाघळांनाही 'व्हॅम्पायरम', 'व्हॅम्पायरेसा' वगैरे नावं मिळत गेली. त्यातली काही फळं खातात, काही उंदीर-पक्षी खातात. रक्त कुणीच पीत नाही.

मग खरं रक्त पिणारं कोण? त्याला नाव मिळालं १८१० मध्ये. पॅरिसच्या संग्रहालयातल्या एत्येन जॉफ्रॉय सेंट-हिलेर या प्राणिशास्त्रज्ञाने पराग्वेतल्या एका वटवाघळाला 'रोटुंडम' म्हणजे गोलसर असं नाव दिलं. रक्ताचा नावात उल्लेखही नाही. तेच आजचं डेस्मोडस रोटुंडस, खरंखुरं रक्तपायी वटवाघूळ. अशा फक्त तीन जाती जगात आहेत आणि तिन्ही मध्य आणि दक्षिण अमेरिकेत. भारतात, आशियात, आफ्रिकेत, युरोपात एकही नाही.

आता गंमत बघा. त्याच १८१० साली त्याच जॉफ्रॉयने आपल्या भारतातल्या वटवाघळालाही नाव दिलं, मेगाडर्मा लायरा. मेगाडर्मा म्हणजे मोठ्या कातडीचं, आणि लायरा हे नाव नाकावरच्या पानाच्या आकारावरून, लायर नावाच्या ग्रीक तंतुवाद्यासारखं दिसतं म्हणून. हा माणूस नेपोलियनच्या मोहिमेबरोबर इजिप्तला जाऊन आला होता, पण भारतात कधी आला नाही. तरी त्याने दिलेलं नाव प्रामाणिक आहे. जे डोळ्यांना दिसलं तेच लिहिलं. म्हणजे १८१० पर्यंत आपल्या वटवाघळावर कुठलाही डाग नव्हता.

आता आपल्या मुलखात येऊ. पेशवाई संपल्यावर मुंबई सरकारने १८२४ मध्ये दख्खनची माहिती गोळा करायला विल्यम हेन्री साइक्स या लष्करी अधिकाऱ्याला नेमलं. लोकसंख्या, पिकं, हवामान, जमीन, सगळं मोजायचं हे त्याचं काम. त्यातून त्याने प्राणी-पक्ष्यांच्याही याद्या केल्या. १८३१ मध्ये दख्खनच्या सस्तन प्राण्यांची यादी लंडनच्या झूलॉजिकल सोसायटीपुढे मांडली. त्याला आपल्या दख्खनचं फार कौतुक. रानकुत्र्याला म्हणजे कोळसुंद्याला त्याने 'दुखुनेन्सिस' असं नाव दिलं, आणि एका पर्णनासिक वटवाघळालाही तेच. दुर्दैवाने दोन्ही प्राण्यांना त्याच्या आधीच कुणीतरी नाव देऊन ठेवलं होतं, त्यामुळे दख्खनचं नाव टिकलं नाही.

प्राण्यांच्या नावाचा हा नियम आम्हा कोड लिहिणाऱ्यांना लगेच कळतो. जे नाव आधी छापलं गेलं ते कायम. नंतर कितीही चांगलं नाव सुचलं तरी उपयोग नाही. कुणीतरी वीस वर्षांपूर्वी एका व्हेरिएबलला चुकीचं नाव दिलेलं असतं, ते हजार ठिकाणी वापरलेलं असतं, आणि आता कुणी हात लावायला धजत नाही. तसंच हे.

साइक्सनंतर आठ वर्षांनी, १८३९ मध्ये, वॉल्टर इलियट नावाच्या मद्रास सनदी सेवेतल्या अधिकाऱ्याने 'सदर्न मराठा कंट्री', म्हणजे धारवाडच्या बाजूचा दक्षिण मराठा मुलूख, तिथल्या सस्तन प्राण्यांची यादी मद्रासच्या एका नियतकालिकात छापली. त्यात आपलं हे वटवाघूळ आहे. त्याने त्याला 'मेगाडर्मा कार्नाटिका' असं वेगळं नाव दिलं होतं, तेही पुढे लायरामध्येच मिसळलं. पण इलियटच्या यादीची मला आवडलेली गोष्ट तिच्या शीर्षकात आहे. त्यात म्हटलंय की प्राण्यांची तिथल्या लोकभाषांतली नावंही दिली आहेत. लंडन-पॅरिसच्या संग्रहालयात बाटलीतला प्राणी बघून हे जमत नाही. त्यासाठी गावात कुणाला तरी विचारावं लागतं, की बाबा रे, तुम्ही याला काय म्हणता?

आणि मग येतो १८४२. डाग लागला तो इथे.

एडवर्ड ब्लाइथ हा कलकत्त्याला एशियाटिक सोसायटीच्या संग्रहालयाचा क्युरेटर म्हणून १८४१ मध्ये आला होता. एका संध्याकाळी त्याने बघितलं की एक मोठं वटवाघूळ बाहेरच्या खोलीत शिरलं. त्या खोलीला दार एकच. ब्लाइथने दिवा आणला आणि त्याच्या मागे लागला. वटवाघळाने खोलीत तीन-चार घिरट्या घातल्या आणि त्याच्याकडून काहीतरी खाली पडलं. ब्लाइथला वाटलं पिल्लू असेल, म्हणून त्याने ते रुमालात ठेवलं. मग बऱ्याच धावपळीनंतर मोठं वटवाघूळ पकडलं. ती मेगाडर्मा लायराची गाभण मादी होती. आणि रुमालातलं 'पिल्लू' बघतो तर ते वेगळ्याच जातीचं छोटं वटवाघूळ निघालं. त्याच्या कानामागे जखम होती, तिच्यातून रक्त येत होतं आणि ते अशक्त झालं होतं. ब्लाइथने निष्कर्ष काढला की मोठं वटवाघूळ त्याचं रक्त शोषत होतं.

दुसऱ्या दिवशी त्याने दोघांना एका पिंजऱ्यात ठेवलं. मादीने त्या छोट्या वटवाघळावर झडप घातली, पुन्हा कानामागे धरलं आणि शेवटी ते खाऊन टाकलं. डोकं आणि पंख-पायांचे थोडे तुकडे तेवढे उरले.

ही हकिकत त्याने सोसायटीच्या नियतकालिकात छापली. आता जरा विचार करा. त्याच टिपणात पुरावा स्पष्ट आहे, की या प्राण्याने शिकार पकडली आणि मांस खाल्लं. मांजर उंदीर धरते तेव्हाही रक्त येतं. आपण मांजरीला रक्तपिपासू म्हणत नाही. पण लोकांच्या लक्षात राहिलं ते 'रक्त शोषलं' एवढंच. स्टर्नडेलच्या १८८४ च्या पुस्तकात ही गोष्ट पुन्हा छापली गेली. जर्डन काय, ब्लॅनफर्ड काय, एकोणिसाव्या शतकातल्या भारतीय सस्तन प्राण्यांवरच्या मोठ्या पुस्तकांत याच्या इंग्रजी नावात 'व्हॅम्पायर' येऊन बसला.

मधल्या काळात खऱ्या व्हॅम्पायरचा निकाल लागला होता, तोही सांगतो. १८३५ मध्ये चार्ल्स डार्विन चिलीमध्ये कोकिंबोजवळ मुक्कामाला होता. रात्री एक घोडा फार अस्वस्थ झाला, म्हणून त्याच्या नोकराने घोड्याच्या पाठीवर अंधारातच हात मारला आणि वटवाघूळ पकडलं. डार्विनने लिहिलं की इंग्लंडमध्ये या गोष्टीवर शंका घेतली जात होती, त्यामुळे आपण तिथे हजर होतो हे बरं झालं. म्हणजे ब्लाइथने आपलं टिपण लिहिलं तेव्हा खरं रक्तपायी वटवाघूळ छापून आलेलं होतं, ते अमेरिकेत आहे हेही माहीत होतं. तरी आपल्याकडच्याची सुटका झाली नाही.

पुढे विसाव्या शतकात लोकांनी जास्त नीट बघायला सुरुवात केली. रॉबर्ट राउटन नावाचा मुंबई इलाख्याच्या वनखात्यातला अधिकारी निवृत्त होऊन लंडनला गेला आणि तिथल्या संग्रहालयात बसून काम करू लागला. त्याने आणि नुड अँडरसनने मिळून १९०७ मध्ये या अख्ख्या कुळाचा आढावा घेतला. नंतर १९११ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीने देशभरातल्या सस्तन प्राण्यांचं सर्वेक्षण सुरू केलं, त्यामागेही राउटन होता. त्या सर्वेक्षणाचा पहिलाच अहवाल आपल्या खानदेशचा आहे. ते काम १९२३ पर्यंत चाललं. १९६२-६३ मध्ये आंद्रे ब्रोसे या फ्रेंच शास्त्रज्ञाने मध्य आणि पश्चिम भारतातल्या वटवाघळांवर सोसायटीच्या जर्नलमध्ये लेखमाला लिहिली. गुहा, लेणी, जुन्या इमारती इथे जाऊन कोण कुठे लटकतं, कधी पिल्लं होतात, काय खातं, हे त्याने बघितलं. एव्हाना इंग्रजी नावात 'व्हॅम्पायर'च्या आधी 'फॉल्स' म्हणजे खोटं हा शब्द जोडला गेला होता.

पण मला विचाराल तर ही सुधारणा अर्धवट आहे. कुणावर चोरीचा आळ आला, नंतर निर्दोष ठरला, आणि मग गावाने त्याला 'खोटा चोर' म्हणून हाक मारायला सुरुवात केली, तर त्याला कसं वाटेल? नाव ऐकणाऱ्याच्या डोक्यात चोरच राहतो.

आता यातला माझा सगळ्यात आवडता भाग, कारण इथे आवाजाची तांत्रिक गोष्ट आहे. वटवाघळं अंधारात आवाज सोडून त्याच्या प्रतिध्वनीवरून रस्ता काढतात हे आपण शाळेत शिकलो. डोनाल्ड ग्रिफिनने हे अमेरिकेत १९३८ पासूनच्या प्रयोगांत सिद्ध केलं आणि १९४४ मध्ये त्याला 'एकोलोकेशन' हा शब्द दिला. पण लायराची पद्धत जरा वेगळी निघाली. मदुराई कामराज विद्यापीठात एम. के. चंद्रशेखरन आणि जर्मनीचे गेरहार्ड नॉयवायलर यांच्या पुढाकाराने भारतीय आणि जर्मन संशोधकांनी वटवाघळांवर वर्षानुवर्षं काम केलं. १९७९ मध्ये योआखिम फीडलरने दाखवलं की लायरा अंधारात उंदीर पकडताना कित्येकदा स्वतः आवाजच सोडत नाही. ते फक्त ऐकतं. पाचोळ्यात उंदराच्या पायांची खसखस झाली की तेवढ्यावर झडप. पुढे १९८७ मध्ये जी. मारिमुथू आणि नॉयवायलर यांनी हेच आणखी तपासलं. त्याचे कान माणसाला ऐकू येणार नाहीत इतके बारीक आवाज टिपतात. ते दोन भलेमोठे, मधे जोडलेले कान त्यासाठी आहेत.

त्यावरून काही काळ असं मानलं गेलं की शिकार गप्प आणि स्थिर राहिली तर लायराला ती सापडतच नाही. मग १९९५ मध्ये दिसलं की पाण्याच्या पृष्ठभागावरचा बेडूक ते प्रतिध्वनी वापरूनही उचलतं. २००० मध्ये साबिने श्मिट आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की जमिनीवरची न हलणारी शिकारसुद्धा ते आवाज सोडून शोधू शकतं. म्हणजे दोन्ही पद्धती त्याच्याकडे आहेत, प्रसंग बघून वापरतं. शास्त्राचं हे मला आवडतं. वीस वर्षांत आधीचं मत दुरुस्त झालं, आणि कुणी त्याचा कमीपणा वाटून घेतला नाही. नावाच्या बाबतीत दोनशे वर्षांत हे जमलेलं नाही.

आता वर्तमानात येऊ. आमच्या गावातलंच उदाहरण सांगतो.

आमच्या जुन्या घराला लागून गोठा आहे. गुरं विकली त्याला बरीच वर्षं झाली, पण गोठ्यावरचा माळा तसाच आहे, आढ्याला अंधार असतो. गेल्या उन्हाळ्यात घराचं काम काढलं होतं. पानशेतच्या बाजूचा पाऊस तुम्हाला माहीत आहे. कौलं शाकारायची, पत्रा बदलायचा, जे काय करायचं ते मे संपायच्या आत. गवंड्याने गोठ्यात पाय टाकला आणि बाहेरच आला. खाली बेडकांचे पाय, पतंगांचे पंख, नाकतोड्यांच्या तंगड्या आणि एक उंदराची शेपूट पडलेली. वर बघितलं तर बारा-पंधरा वटवाघळं, मोठ्या कानांची.

झालं. संध्याकाळपर्यंत वाडीतले चार लोक जमले. कुणी म्हणालं अपशकुन आहे. कुणी म्हणालं केसात अडकतात. आमच्या चुलत्यांच्या मुलाने मोबाईलवर शोधून 'व्हॅम्पायर बॅट' असं मोठ्याने वाचून दाखवलं, घोड्याच्या मानेवर बसलेल्या वटवाघळाच्या व्हिडिओसकट. तो व्हिडिओ दक्षिण अमेरिकेतला. पण नाव जुळत होतं ना! मग ठरलं, की उद्या सकाळी दार-खिडक्या लावून मिरचीची धुरी द्यायची. १७३२ चा सर्बिया, १८४२ चं कलकत्ता आणि आमची वाडी, सगळं एका मोबाईलमध्ये आलं.

आजी तेवढी म्हणाली, "अरे, रक्त पीत असती तर तुझ्या आजोबांच्या वेळी गोठ्यात आठ जनावरं होती, एकाला तरी चावली असती की."

मंडळी, हा युक्तिवाद बिनतोड आहे. ब्लाइथच्या टिपणापेक्षा चांगला आहे.

मी बाबांना खाली पडलेले तुकडे दाखवले आणि मोजत गेलो. बाबांना रक्ताबिक्ताशी देणंघेणं नव्हतं, त्यांचा प्रश्न साधा होता, की पाऊस आला तर छपराचं काय? हा प्रश्न खराच अवघड आहे, कारण या वटवाघळांची विण साधारण एप्रिल-मे मध्ये होते. मादीला एका वेळी एकच पिल्लू. मेमध्ये धुरी दिली तर मोठी उडून जातात आणि उडता न येणारी पिल्लं तिथेच मरतात. आणि आपल्याकडे छपराचं काम नेमकं मेमध्येच असतं. म्हणजे ज्या महिन्यात माणसाला घाई, त्याच महिन्यात त्यांना थांबण्याची गरज.

शेवटी घराचं छप्पर वेळेत झालं आणि गोठ्याचं दिवाळीनंतर करायचं ठरलं. गोठ्यावर तात्पुरती ताडपत्री टाकली. बाबा अजूनही कुरकुरतात की तुझ्या वटवाघळांपायी दुप्पट मजुरी गेली. ती गेली, हे खरं आहे. हे फुकटात होत नाही, हे सांगितलं पाहिजे.

तुमच्याकडेही असा प्रश्न असेल तर तीन गोष्टी. एक, बंद करायचंच असेल तर पाऊस संपल्यावर, पिल्लं उडायला लागल्यावर, आणि संध्याकाळी सगळी बाहेर पडल्यावर फटी बुजवा. आत कुणी अडकलेलं नाही ना, हे बघून. दोन, वटवाघळाला उघड्या हाताने कधीही धरू नका. चावलं किंवा ओरखडलं तर जखम साबणाने खूप वेळ धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टरकडे जा. तीन, खालची घाण झाडताना तोंडाला मास्क आणि हातात मोजे घाला, आधी पाणी शिंपडा म्हणजे धूळ उडणार नाही.

आजाराची भीती निराधार आहे असं मी म्हणणार नाही. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेने, म्हणजे एनआयव्हीने, मार्च २०२० मध्ये महाबळेश्वरच्या एका गुहेतून वटवाघळांचे नमुने घेतले होते. त्यात निपाह विषाणूच्या खुणा मिळाल्याचं २०२१ मध्ये प्रसिद्ध झालं, आणि मुख्यतः त्या रूसेटस या फळं खाणाऱ्या जातीत होत्या. बातमी आली तशी घबराटही आली. पण त्यातून घ्यायचा धडा अंतर ठेवण्याचा आहे. हुसकावलेली, घाबरलेली वटवाघळं चार नव्या घरांत शिरतात, त्याने धोका कमी होत नाही.

कायद्याचीही गंमत सांगतो. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात फळं खाणारी वटवाघळं कितीतरी वर्षं उपद्रवी प्राण्यांच्या यादीत होती, उंदीर आणि कावळ्यांच्या रांगेत. सर्वोच्च संरक्षण वटवाघळांच्या फक्त दोन जातींना होतं. त्यातली एक सालिम अलींच्या नावाची, आणि दुसरी आपल्या त्या राउटनच्या नावाची. २०२२ मध्ये कायद्यात दुरुस्ती झाली, ती १ एप्रिल २०२३ पासून लागू झाली, आणि उपद्रवी प्राण्यांची ती यादीच गेली. म्हणजे कागदावरचा एक डाग पुसला. लोकांच्या डोक्यातला पुसायचा बाकी आहे, आणि त्याला राजपत्र पुरत नाही.

म्हणून आजच्या भागाचं काम तुमच्याकडे देतो. इलियटने १८३९ मध्ये जे केलं ते आपण पुन्हा करू. तुमच्या गावात, तुमच्या आजी-आजोबांच्या बोलीत, या मोठ्या कानांच्या वटवाघळाला वेगळं नाव आहे का, हे विचारा आणि मला कळवा. कोकणात, खानदेशात, मराठवाड्यात, बेळगाव-खानापूरच्या बाजूला, जिथे असाल तिथे. गावाचं आणि तालुक्याचं नाव लिहायला विसरू नका. व्हॉइस नोट पाठवली तर उत्तम, म्हणजे उच्चारही कळेल. चांगलं मराठी नाव सापडलं, तर पुढच्या भागापासून मी तेच वापरीन, आणि 'खोटं व्हॅम्पायर' हा शब्द या पॉडकास्टपुरता तरी बंद.

पुढचा भाग घाटवाटांवरच्या जुन्या जकात चौक्यांचा आहे. भेटूया दोन आठवड्यांनी. काळजी घ्या, नमस्कार.